सामान हलवायचं का?

सांगलीत पावसाळ्यात पाण्याची माहिती पाच मापांत येते. पाऊस मिलिमीटरमध्ये, कोयनेचा साठा टीएमसीत, धरणातून सोडलेलं पाणी क्युसेकमध्ये, आयर्विन पुलाखालची कृष्णा फुटांत आणि खाली कर्नाटकातल्या आलमट्टीची पातळी मीटरमध्ये. दैनिकाच्या जिल्हा डेस्कवर असताना जुलै-ऑगस्टमध्ये रोज संध्याकाळी हे पाचही आकडे माझ्या टेबलावर येत. मोजपट्ट्या वाचणारी माणसं रात्री-अपरात्री पावसात उभं राहून ते घेत आणि इमानदारीनं पाठवत. पण वाचणाऱ्याच्या घराचा उंबरा या पाचांपैकी एकाही मापात नोंदलेला नसतो. आकड्यापासून उंबऱ्यापर्यंतचं अंतर तोडून देणं हीच आपली नोकरी होती, असं आता मागं वळून बघताना वाटतं.

सुरुवातीची काही वर्षं मी आकाशवाणीवर कॅज्युअल उद्घोषक होते. नंतर दैनिकात उपसंपादक झाले आणि निवृत्तीआधीची वर्षं त्याच दैनिकाच्या मोबाइलवरच्या बातम्या पाहण्यात गेली. म्हणजे कृष्णेचं पाणी मी आधी आवाजातून सांगितलं, मग छापून सांगितलं आणि शेवटी लोकांच्या खिशात पाठवलं. या काळात २००५, २०१९ आणि २०२१ चे महापूर पाहिले. आयर्विनला चाळीस फूट ही इशारा पातळी आणि पंचेचाळीस ही धोका पातळी, हे इथल्या शाळकरी पोरांनाही पाठ असतं. तरी चाळीस हा आकडा ऐकून माणूस काय समजतो आणि उठून काय करतो, हे तो आकडा त्याला कशातून मिळाला यावर ठरतं, हे मी पुन्हा पुन्हा पाहिलं.

रेडिओवर पहिली गोष्ट शिकवली गेली ती ही की ऐकणाऱ्याला मागं जाता येत नाही. सरकारी प्रसिद्धिपत्रकातलं वाक्य साधारण असं असायचं : कोयना धरणाचे सहा वक्र दरवाजे चार फुटांनी उचलण्यात आले असून नदीपात्रातील विसर्गात वाढ करण्यात आली आहे, आयर्विन पुलाजवळ पाणीपातळी एकोणचाळीस फुटांवर पोहोचली आहे. कागदावर यात काही वावगं नाही. पण भाकऱ्या थापता थापता ऐकणारी बाई त्यातला 'चार फूट' तेवढा कानात धरते आणि नदी चार फुटांनी वाढणार असं शेजारणीला सांगते. दरवाजा उचलण्याचे फूट निराळे आणि नदी चढण्याचे निराळे, हे छापील ओळीत डोळ्यांना कळतं. कानाला दोन्ही फूट सारखेच. त्यात एकोणचाळीस आणि एकोणपन्नास या आकड्यांची सुरुवात एकसारखी. नेमक्या त्या क्षणी एखादं भांडं पडलं तर दहा फुटांचा फरक पडतो, आणि सांगलीत दहा फूट म्हणजे कोरडी गल्ली आणि पहिल्या मजल्याला टेकलेलं पाणी यांच्यामधलं अंतर. म्हणून आमच्या ज्येष्ठ उद्घोषकांचा दंडक होता : एका वाक्यात एकच आकडा, आणि तो दोनदा.

दुसरी अडचण आवाजाची. आकडा सांगणारीचा सूर कसा आहे यावरून लोक आकड्याचं वजन ठरवत. मी पुराची बातमी भावगीतांच्या कार्यक्रमाच्या निवेदनाइतक्याच सावकाशीनं वाचली, की घरी गेल्यावर शेजारी म्हणायचे, ''काही विशेष नाही ना? तुमच्या आवाजावरून तसं काही वाटलं नाही.'' तेच शब्द जरा भरभर वाचले तर दुसऱ्या दिवशी बाजारात रॉकेल आणि मेणबत्त्यांची रीघ. मजकूर दोन्ही दिवशी सारखाच. बातमीत न लिहिलेली एक बातमी आवाज स्वतःच देत होता, आणि लोक तीच आधी ऐकत होते.

याच काळात नृसिंहवाडीचं एक वेगळंच शिक्षण झालं. कृष्णा आणि पंचगंगा यांच्या संगमावरच्या त्या दत्तमंदिरात पावसाळ्यात नदी आत शिरते. पाणी उत्तरेच्या दारानं येऊन पादुकांवरून दक्षिणेच्या दारानं बाहेर पडतं, तेव्हा दक्षिणद्वार सोहळा होतो आणि त्या प्रवाहात स्नान करायला गावोगावचे लोक धावत येतात. जलविज्ञानाच्या भाषेत ही पंचगंगा आणि कृष्णा पात्राबाहेर जायला निघाल्याची खूण. भाविकाच्या मनात तो पुण्यकाळ. ही बातमी आम्ही देत असू तेव्हा फोन यायचे ते 'पाणी वाढतंय का' असे नसत. 'अजून किती वेळ राहील, आम्ही निघालोय' असे असत. नदी चढतेय ही एकच गोष्ट आयर्विनच्या मोजपट्टीतून आली की धास्ती होती आणि मंदिराच्या दारातून आली की आनंद. दोन्हीत खोटं काहीच नव्हतं. वाडीच्या जुन्या माणसांना मात्र दोन्ही एकदम वाचता येत असत : स्नान उरकून ती गोठ्यातली जनावरं वरच्या अंगाला न्यायला लागत.

दैनिकात आले तेव्हा वाटलं, आता कागद आहे, आता लोक मागं जाऊन पुन्हा वाचतील. वाचत होतेही. पण कागदाची स्वतःची एक खोड आहे, तो नेहमी कालचा असतो. आमची डाक आवृत्ती जत-आटपाडीसाठी रात्री लवकर सुटायची, शहर आवृत्ती मध्यरात्रीनंतर. त्यामुळं एकाच तारखेच्या अंकात जतच्या वाचकाला कृष्णा बेचाळीस फुटांवर दिसायची आणि सांगलीच्या वाचकाला त्रेचाळीसवर, आणि दोघं अंक हातात घेत तेव्हा नदी तिसऱ्याच आकड्यावर असायची. बोललेला आकडा विरून जातो, छापलेला आकडा टिकतो. टिकतो म्हणूनच लोक त्याला आत्ताचा समजतात. 'पाणी ओसरू लागले' असा मथळा रात्री एकला खरा असू शकतो आणि सकाळी सातला घातक. पुराच्या दिवसांत मथळ्यात वेळ घालायचा आग्रह मी धरला तेव्हा पान लावणारे वैतागत, कारण 'रात्री एक वाजता' हे शब्द मोठ्या टाइपात पानाचा डौल घालवतात. डौल गेला तरी चालेल, असं म्हणणारा संपादक मिळाला हे माझं नशीब.

कागदाचं दुसरं अंग पूर ओसरल्यावर कळलं. पंचनाम्याच्या वेळी लोक आमच्या अंकाची कात्रणं घेऊन येत, गल्लीचं नाव छापलेल्या ओळीखाली पेननं रेघ मारून. ज्या गल्लीचं नाव आमच्या बातमीत आलं तिला आपला पूर अधिक खरा वाटायचा. ज्यांचं नाव राहून गेलं ते कार्यालयात येऊन विचारत, ''आमच्याकडं काय पाणी आलं नव्हतं व्हय?'' घरात अजून चिखल होता, तरी छापून न आल्यामुळं आपल्या अनुभवालाच कमीपणा आला असं त्यांना वाटत होतं. वाचकाला माहिती देणं इतकंच आपलं काम, असं मी समजत आले होते. त्या दिवसांत दिसलं की आम्ही कुणाच्या नुकसानीला मान्यता देत होतो आणि कुणाच्या नाही.

जिल्ह्याची रचनाच अशी की पहिल्या पानावर पूर आणि आतल्या पानावर जतच्या वाडीवस्तीचे टँकर, हे एकाच दिवशी व्हायचं. २०१९ च्या ऑगस्टमध्ये ते लख्ख दिसलं. पूर्व भागातला वाचक फोन करून म्हणायचा, ''आमचं पाणी आत का टाकलंय?'' पान ही ठरावीक जागा आहे. कुठली बातमी किती वर आणि किती मोठी, यावरून वाचक जग समजून घेतो. जिल्ह्यात पाणी जास्त आहे की कमी, या प्रश्नाचं उत्तर त्या दिवशी पान एक बघणारा आणि पान पाच बघणारा अगदी उलट देत होता.

पुराच्या रात्री डेस्कवरचा फोन खाली ठेवायला मिळत नसे. ''मॅडम, किती झालं?'' इथून सुरुवात व्हायची. मी आकडा सांगायची. पलीकडं क्षणभर काही बोलणं नाही, मग खरा प्रश्न : ''मग सामान हलवायचं का?'' सूर्यवंशी प्लॉटमधला माणूस आणि मारुती चौकातला दुकानदार एकच आकडा ऐकत असत, पण पहिल्याच्या दृष्टीनं तो निघायला उशीर झाल्याचा आकडा होता आणि दुसऱ्याच्या दृष्टीनं अजून चहा पिण्याइतक्या सवडीचा. त्या फोनमुळं मला कळलं की आमच्या बातमीत फूट होते, इंच होते, पण 'कुणासाठी' हे नव्हतं. मग जुन्या बातमीदारांना आणि त्या त्या भागातल्या पेपर टाकणाऱ्या पोरांना बसवून आम्ही एक वही केली : आयर्विनला किती झाले की कुठल्या गल्लीच्या तोंडाला पाणी लागतं. दत्तनगर, काकानगर, कर्नाळ रोड, मग टिळक चौक, हरभट रोड असं वर वर. फोनवर त्या वहीतून उत्तर द्यायला लागल्यापासून आमचं बोलणं आटोपशीर झालं आणि पलीकडचा माणूस आकडा ऐकून गप्प होईनासा झाला.

पुढं ही वही अंकातही आली. तोवर आमच्याकडं छापायला नकाशा होता, पाटबंधारे विभागाच्या पूररेषांचा : निळी रेषा आणि लाल रेषा. निळी पंचवीस वर्षांतून एकदा येऊ शकणाऱ्या पुराची, लाल शंभर वर्षांतून एकदाच्या पुराची. नकाशा दिसायला सुरेख होता आणि समजायला कमालीचा फसवा. 'शंभर वर्षांतून एकदा' याचा अर्थ दर वर्षी शंभरात एक इतकी शक्यता. वाचक मात्र कॅलेंडर धरून बसतो. २००५ ला येऊन गेला, आता आपल्या हयातीत नाही, असं सांगणारे कितीतरी भेटले. घर विकत घेणारे, बांधणारे आणि विकणारे सगळेच त्यात होते. कागदावर आखलेल्या रेषेचा आणखी एक दोष असा की रेषेबाहेरचा माणूस स्वतःला कोरडा समजतो. पाण्याला रेषा दिसत नाही.

नकाशापेक्षाही लोकांचा अधिक विश्वास होता भिंतीवर. २००५ मध्ये आयर्विनला पाणी चोपन्न फुटांच्या आसपास गेलं होतं. पूर ओसरल्यावर कितीतरी घरांनी आणि दुकानांनी त्याची खूण भिंतीवर जपली. कुणी रंगाची रेघ ओढली, कुणी तारीख घातली, कुणी चिखलाचा पट्टाच तसा राहू दिला. यापेक्षा विश्वासाचं माध्यम कुठलं? स्वतःच्या घरात, स्वतःच्या हातानं काढलेलं, डोळ्यांनी पाहिलेलं. २०१९ ला पाणी चढू लागलं तेव्हा लोकांनी धान्याची पोती, फ्रीज, पोरांची दप्तरं त्या रेघेच्या वर उचलून ठेवली आणि माळ्यावर बसून राहिले. सांगितलं तरी ऐकेनात. ''तेव्हा इथवर आलं होतं, त्याच्या वर कधी गेलंय?'' त्या वर्षी आयर्विनची पातळी सत्तावन्न फुटांच्या वर गेली. रेघेवर ठेवलेलं सगळं भिजलं, आणि वर बसलेल्यांना बोटीतून काढावं लागलं. आमचे आकडे, रिक्षावरचे भोंगे, सरकारी मोबाइल संदेश या सगळ्यांपेक्षा त्या रेघेचं वजन अधिक होतं. गेल्या पुराची ती अचूक नोंद होती. येणाऱ्या पुराबद्दल ती काहीच सांगत नव्हती, तरी लोकांनी तिला मर्यादा मानलं.

भोंग्यांचंही सांगायला हवं. 'नागरिकांनी सतर्क राहावे, सुरक्षित स्थळी स्थलांतरित व्हावे' हे वाक्य रिक्षावरून दर पावसाळ्यात फिरतं. दर वर्षी ऐकून ते पावसाच्या आवाजाइतकंच सवयीचं झालंय. तेच नदीकाठच्या गावात कोतवाल दारात येऊन म्हणाला, ''आक्का, म्हशी सोडा, रातच्याला पाणी चढणार हाय,'' तर आक्का म्हशी सोडायची. भोंगा सगळ्यांशी बोलतो, म्हणून प्रत्येकाला वाटतं की तो दुसऱ्याशी बोलतोय. कोतवालाला आक्काचा गोठा माहीत असतो, आणि त्याला तो माहीत आहे हे आक्काला माहीत असतं.

टीव्हीनं या सगळ्यावर एक निराळाच थर चढवला. २००५ मध्ये सांगली-कोल्हापूर बुडत होतं आणि पडद्यावर मुंबई होती. २६ जुलैला सांताक्रूझला चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस झाला, त्यापुढं कृष्णाकाठ कुणाला दिसणार? आमच्याच वाचकांना आपला पूर लहान वाटत होता, कारण तो टीव्हीत नव्हता. २०१९ ला सुरुवातीला तेच झालं. ५ ऑगस्टला जम्मू-काश्मीरच्या कलम ३७० चा निर्णय आला आणि दिल्लीच्या वाहिन्यांवर दुसरं काही राहिलं नाही. मग कॅमेरे इकडं वळले आणि वळल्यावर उलटं झालं. स्टेशन चौकातलं तेच एक दृश्य दिवसभर फिरत राहिलं. पुण्या-मुंबईच्या नातेवाइकांना वाटलं, सबंध सांगली छतापर्यंत पाण्याखाली आहे. विश्रामबागेत कोरड्या घरात बसलेल्या आजोबांना त्यांचा मुलगा पुण्याहून रडत फोन करत होता.

आणि गंमत अशी की खरोखर पाण्यात असलेल्यांना टीव्ही दिसतच नव्हता, वीज तोडलेली होती. आपल्या गल्लीच्या तोंडाशी पाणी कुठवर आलंय हे त्यांना पुण्याचा भाचा टीव्हीवर बघून फोनवरून सांगत होता, तेही फोनची बॅटरी होती तोवर. पुणे-बंगळुरू महामार्ग कोल्हापूरजवळ बंद पडला, त्यामुळं छापलेले अंक गठ्ठ्यानं पडून राहिले. अशा वेळी कुणाच्या तरी माळ्यावर सापडलेला सेलवरचा जुना रेडिओ कामाला आला. ज्याच्या गरजेसाठी बातमी असते त्याच्यापर्यंत ती सगळ्यात शेवटी पोचते, आणि ज्याला तिचं काही करायचं नसतं त्याला ती दिवसभर दिसत राहते, हे मी तेव्हा अगदी जवळून पाहिलं.

पडद्यावर जे दिसलं त्याच्यामागून मदत आली. ज्या गावांची नावं वाहिन्यांवर उच्चारली गेली तिथं ट्रकांची रांग लागली. बिस्किटांचे खोके आणि जुन्या कपड्यांचे ढीग रस्त्याकडेला भिजत पडले. रस्त्यापासून आत असलेल्या वस्त्यांवर पिण्याचं पाणी आणि जनावरांचा चारा हवा होता, तो मागणारं कुणी कॅमेऱ्यापुढं उभं नव्हतं. लोकांच्या मनात माया कमी नव्हती. चित्रात कपडे भिजलेली माणसं दिसली म्हणून कपडे आले. भुकेली म्हैस चित्रात नव्हती, म्हणून चारा आला नाही.

मोबाइलवरच्या बातम्यांचं काम माझ्याकडं आलं तेव्हा वाटलं होतं, आता वेळेचा प्रश्न सुटला. दर तासाला आकडा देता येईल. देऊ लागलो, आणि ध्यानात आलं की इथं वेळच सगळ्यात आधी गळून पडते. 'आत्ताच मिळालेली माहिती' असं लिहिलेला संदेश तीन दिवस फिरतो आणि प्रत्येक ठिकाणी तो आत्ताचाच असतो. २०१९ मध्ये जुन्या पुराची दृश्यं नव्या पुराची म्हणून फिरली, २०२१ मध्ये २०१९ ची. धरण फुटल्याची आवई तर प्रत्येक पुरात एकदा उठतेच. ज्या राज्यानं १२ जुलै १९६१ ला पानशेत फुटलेलं पाहिलं, तिथं ती आवई पसरायला पुराव्याची गरज लागत नाही.

त्याहून खोल गोष्ट वेगळी होती. रेडिओवर कोण बोलतंय हे कळायचं, अंकावर दैनिकाचं नाव असायचं. व्हॉट्सॲपवर माहिती हातात देणारा मामा असतो आणि ती मूळ कुणाची हे कुणालाच ठाऊक नसतं. माणूस मामावर विश्वास ठेवतो आणि तोच विश्वास माहितीला आपोआप चिकटतो. ''खात्रीची बातमी हाय मॅडम, आमच्या मामानं पाठवलीय,'' असं सांगणाऱ्याला 'मामाला कुणी पाठवली' हे विचारणं म्हणजे मामाचा अपमान.

त्यावर आम्ही जे उपाय केले ते अगदी साधे होते. पातळीचं कार्ड करताना वेळ खालच्या कोपऱ्यात न टाकता आकड्यालाच जोडून टाकली, म्हणजे कुणी चित्र कापलं तरी ती सुटू नये. 'त्रेचाळीस फूट' एवढंच न लिहिता 'चढतंय, तासाला दोन इंच' असं लिहायला लागलो. लोकांना पातळीपेक्षा वेगाचा उपयोग अधिक होतो : दोन इंचांचा वेग कळला की आपल्या पायरीपर्यंत किती तास आहेत हे घरातली शाळकरी मुलगीही सांगू शकते. आणि शेवटची ओळ : पुढचा आकडा अकरा वाजता. या ओळीनं फोन कमी झाले. पुढची खरी माहिती कधी येणार हे माहीत असलं, की माणूस मधल्या वेळेत मिळेल ती माहिती खात नाही.

फोनमध्ये हवामानाचं ॲप असतं, त्याची निराळीच गोष्ट. सांगलीत ऊन पडलेलं असताना कृष्णेला पूर येतो, कारण पूर सांगलीच्या पावसाचा नसतोच. महाबळेश्वर, नवजा, कोयनानगर इथं कोसळतं आणि कराडच्या प्रीतिसंगमावरून खाली येतं. त्यात हरिपूरजवळ वारणा मिळते. ॲपवर सांगलीपुढं सूर्याचं चित्र असतं आणि ते तंतोतंत खरं असतं. रेड अलर्ट साताऱ्याच्या घाटमाथ्याला असतो, तो सांगलीकर दुसऱ्या जिल्ह्याची बातमी म्हणून सोडून देतो. हवामानाचा नकाशा जिल्ह्यांच्या हद्दींनी रंगवलेला असतो आणि नदी खोऱ्यानं वाहते. आम्ही पावसाळ्यात नवज्याचा पाऊस सांगलीच्या बातमीत, वरच्या ओळीत घ्यायला लागलो, तेव्हा काही वाचकांनी विचारलं, नवज्याशी आमचा काय संबंध? ते विचारू लागले हेच मला पुरेसं वाटलं.

इतकं सगळं ऐकल्यावर कुणी म्हणेल, मग माध्यमं बाजूला ठेवावीत आणि स्वतः जाऊन नदी बघावी. सांगलीकर तेच करतो. पाणी चढलं की आयर्विनवर पोराबाळांसकट गर्दी होते आणि पोलिसांना अडथळे लावावे लागतात. पण डोळाही शेवटी माध्यमच. पुलावरून दिसतं ते पाण्याचं रूप, त्याचा वेग नाही. तासाला दोन इंच चढणारं पाणी अर्धा तास बघणाऱ्याला थांबलेलंच दिसतं, आणि तो घरी जाऊन निवांत झोपतो. शिवाय सांगलीत अनेक भागांत पाणी नदीच्या बाजूनं येत नाही. नदीला फुग चढली की शेरीनाल्यासारखे नाले उलटे वाहू लागतात आणि पाणी गटारातून, मागच्या दारानं येतं. पुढच्या दारात उभं राहून नदीकडं बघणाऱ्याची पाठ भिजते. स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलं म्हणून त्याला इतरांपेक्षा अधिक खात्री असते, आणि म्हणून तो सगळ्यात उशिरा हलतो.

प्रत्येक माध्यम चाळणीसारखं काहीतरी गाळतं. रेडिओ मागं जाण्याची सोय गाळतो, कागद वेळ गाळतो, टीव्ही चौकटीबाहेरचं गाव गाळतो, मोबाइल बोलणाऱ्याला गाळतो, भिंतीवरची रेघ उद्याला गाळते, डोळा वेग गाळतो. हे कळल्यावर मी माध्यमांवर चिडायचं सोडलं. आपण ज्यातून सांगतोय त्यातून काय गळणार हे आधी ओळखायचं आणि तेवढंच मुद्दाम, पुन्हा पुन्हा घालायचं. डेस्कवर येणाऱ्या नव्या पोरांना मी भाषेपेक्षा हे जास्त शिकवलं. त्यातली बरीच जण आता पुण्यात-मुंबईत वेगळ्याच विषयांवर लिहितात, पण मथळ्यात वेळ घालतात.

निवृत्तीनंतर एका गोष्टीचा मी भेटेल त्याच्याकडं पाठपुरावा करते. गल्लीच्या तोंडाशी, विजेच्या खांबावर एक आकडा रंगवायचा : आयर्विनला अमुक फूट झाले की इथं पाणी लागतं. गेल्या पुराची रेघ नको, तिनं काय केलं ते पाहिलंय. हा आकडा पूर कुठवर गेला होता ते सांगत नाही. रेडिओवर, अंकात, मोबाइलवर ऐकलेल्या फुटांना त्या माणसाच्या उंबऱ्याशी जोडतो. मग बातमी कशातूनही येवो, ती वाचायची किल्ली दारातच असेल. त्याला ॲप लागत नाही, वीज लागत नाही, रंगाचा डबा लागतो. अडचणी आहेत. रस्ते दर डांबरीकरणाला उंच होतात, नाले बुजतात, नव्या इमारतींच्या भरावानं पाण्याच्या वाटा बदलतात, त्यामुळं तो आकडा दर उन्हाळ्यात पुन्हा तपासावा लागेल. तपासायला बसवलेल्यांत त्या गल्लीतलं एक तरी जुनं माणूस असावं, कारण पाणी पहिल्यांदा कुठल्या गटारातून वर येतं हे मोजपट्टीला माहीत नसतं, त्याला असतं.